सुरकुतलेल्या पानांना घातलेलं पाणी

बोईसरच्या आमच्या पश्चिमेकडच्या गॅलरीत दुपारपासून मावळतीपर्यंत ऊन असतं. हॉवर्थिया कूपेरीची कुंडी मी तिथेच कठड्यावर ठेवली. मांसल पानांचं झाड म्हणजे वाळवंटातलं, असं मी धरूनच चालले होते. हे झाड दक्षिण आफ्रिकेतल्या ईस्टर्न केप प्रांताचं. तिथे ते झुडपांच्या सावलीत, गवतात, खडकांच्या कपारीत वाढतं. मुठीत मावेल एवढा पानांचा गुच्छ, पानांची टोकं काचेसारखी आरपार. पाऊस ओढ देतो तेव्हा मुळं आकसून झाडाला मातीत ओढून घेतात. वर उरतात ती फक्त टोकं, आणि त्यांतून उजेड पानाच्या पोटात उतरतो. अशा झाडाची पानं माझ्याकडे तांबूस झाली, तेव्हा रंग चढला म्हणून मी खूश झाले. ती भाजत होती.

मोठी चूक मे महिन्यातली. पानं मऊ पडली, सुरकुतली. तहान लागली असणार, म्हणून मी रोज पाणी घालू लागले. माती चिकूच्या वाडीतली, वर शेणखत. हे झाड दिवसा पर्णरंध्रं मिटून घेतं आणि रात्री उघडून कार्बन डायऑक्साइड साठवतं. त्यासाठी रात्र गार लागते. आमच्याकडे मेमध्ये रात्रीही घामाच्या धारा. झाड वाढ थांबवतं, पाणी जेमतेम ओढतं. गरम ओल्या मातीत मुळं कुजली. मुळं गेली म्हणून पानं आणखी सुरकुतली. ती पाहून मी आणखी पाणी घातलं. एकदाही कुंडी उपडी करून मुळं पाहिली नाहीत. मग जून आला. पालघरात चार महिन्यांत 2,000 मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो. कुंडी गॅलरीतच होती. एके दिवशी गुच्छ अलगद हातात आला, खाली एकही मूळ नव्हतं.

याहून जास्त सलतं ते पुढचं. त्याच्या जागी मला रानातलं, खडबडीत दिसणारं झाड हवं होतं. ऑनलाइन एका विक्रेत्याने 'थेट डोंगरावरून' असं सांगितलं आणि मी आनंदाने पैसे भरले. दक्षिण आफ्रिकेतून अलीकडे लाखो रसाळ झाडं, त्यांत मुख्यतः कोनोफायटम, चोरून उपटली गेली आहेत. हॉवर्थियाच्या काही जाती तर एखाद-दुसऱ्या टेकडीपुरत्याच उरतात. एक पिशवी भरली की तिथलं सगळं संपतं. त्या चोरीला गिऱ्हाईक लागतं, आणि ते मी झाले होते.

ते दुसरं झाड आता पूर्वेच्या खिडकीत, घराच्या आत आहे. धुतलेली बारीक खडी जास्त, कोकोपीट थोडं. एप्रिल-मेमध्ये पाणी जवळजवळ बंद. पावसाळ्यात माती पूर्ण सुकल्याशिवाय नाही. दिवाळीनंतर कुंडीतून काढून मेलेली मुळं छाटते, मग थंडीत वाढ होते. त्याला पिल्लं फुटतात ती मी मागणाऱ्याला फुकट देते, आणि कुणी रानातलं झाड कुठे मिळेल असं विचारलं, तर माझ्या त्या खरेदीची हकिगत आधी सांगते.