शिफ्ट-डिलीट

आयटीवाल्याने दिवाळीत मामाच्या गावी जाऊ नये. गेलात, तर फराळाची ताटली हातात यायच्या आधी घरातला पीसी समोर येतो. "तू कॉम्प्युटरमधलाच ना? मग बघ ना जरा, फार स्लो झालाय." आपण वर्षानुवर्षं हापिसात बसून बँकेच्या जावा कोडमधल्या अळ्या वेचतो, पीसी शेवटचा कधी उघडला होता तेही आठवत नाही, हे कोणाला सांगणार? डोळ्यांच्या डॉक्टरला गुडघा दाखवावा तशातला प्रकार. पण डॉक्टर निदान नाही तरी म्हणू शकतो. भाच्याला ती सोय नाही :)

तर २०२५ च्या दिवाळीत मी असाच शहाद्याला गेलो. पुण्याहून रात्रीची ट्रॅव्हल्स, धुळे, दोंडाईचा, आणि उजाडता उजाडता सारंगखेड्याचा तापीवरचा पूल. हा पूल आला की मला अजूनही उन्हाळ्याची सुट्टी लागल्यासारखं वाटतं.

"कवय उना रे भाऊ?" मामाने दारातच विचारलं आणि उत्तराची वाट न बघता बॅग घेतली. चहा झाला, आणि मग तो विषय निघालाच.

तक्रार मामेबहिणीची होती. ती स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करते. रोज सकाळी एक ऑनलाइन सराव परीक्षा, मामाच्या फोनच्या हॉटस्पॉटवर. दिवसाला दीड जीबी डेटा. म्हणजे खरं तर भरपूर झाला. पण गेले दोन महिने सकाळी दहाच्या आत डेटा संपायचा आणि पेपर अर्ध्यात लटकायचा. देशातला पहिला आधार क्रमांक २९ सप्टेंबर २०१० ला आमच्याच शहादा तालुक्यातल्या टेंभलीत दिला गेला. एवढा डिजिटल मान असलेल्या तालुक्यात माझी बहीण साठाव्या प्रश्नावर फिरणारं चक्र बघत बसते, हे काही बरोबर नाही. शिवाय २०२४ च्या दिवाळीत त्या पीसीत एसएसडी मीच बसवली होती. म्हणजे वॉरंटीही माझीच.

निदानाला पाच मिनिटं लागली. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये 'डेटा युसेज' म्हणून एक पान असतं. गेल्या तीस दिवसांत कोणत्या प्रोग्रॅमने किती डेटा खाल्ला ते तिथे लिहिलेलं असतं. ब्राउझर तिसऱ्या नंबरवर, आणि पहिल्या नंबरवर, बाकी सगळ्यांच्या बेरजेपेक्षा जास्त खाऊन, एक गेम लाँचर.

ज्यांनी गेम्स खेळणं कॉलेजातच सोडलं (किंवा लग्न झाल्यावर सुटलं) त्यांच्यासाठी सांगतो. पूर्वी गेम म्हणजे एक सीडी आणि डेस्कटॉपवर एक आयकॉन. २००३ मध्ये वॉल्व्ह कंपनीने स्टीम आणलं आणि २००४ मध्ये 'हाफ लाइफ २' काढताना सांगितलं, की डबा दुकानातून आणलात तरी स्टीम टाकावंच लागेल. लोक भरपूर चिडले, मग सवय झाली, आणि मग प्रत्येक मोठ्या कंपनीला वाटलं की आपलाही एक दुकानवजा दरवान हवा. एक गेम खेळायचा तर आधी हा दरवान घरात घ्यायचा. तो पीसीबरोबर उठतो, पीसीबरोबर झोपतो, आणि मधल्या वेळात गुपचूप अपडेट उतरवत बसतो. कनेक्शनवर 'मीटर्ड' अशी खूण करता येते, पण ती पाळायचीच असं बाहेरच्या प्रोग्रॅमवर बंधन नाही.

हा पाहुणा आणला होता धाकट्याने. म्हणजे मामेभावाने, वय वर्षं चौदा. तो मामीबरोबर कपडे घ्यायला नंदुरबारला गेला होता.

"काढू का?" मी मामाला विचारलं.

"काढ, काढ! मुळासकट काढ!"

झालं. आता अंगात आलं. मुळासकट म्हटल्यावर इंजिनियर माणसाला राहवतं का?

'अनइन्स्टॉल' या शब्दाबद्दल बहुतेकांचा एक गैरसमज असतो. आपल्याला वाटतं विंडोज तो प्रोग्रॅम काढतं. विंडोज काहीही काढत नाही. त्याच्याकडे फक्त एक यादी असते, आणि यादीत प्रत्येक नावासमोर त्या प्रोग्रॅमनेच लिहून ठेवलेलं असतं, की मला काढायचं झालं तर माझाच अमुक प्रोग्रॅम चालवा. म्हणजे खोली सोडणाऱ्या भाडेकरूच्याच हातात झाडू द्यायचा. तो भला असेल तर कोपरेही झाडेल, नाहीतर हॉलमधून एक हात फिरवून किल्ली टेकवून जाईल.

हा दुसऱ्या प्रकारातला होता. पहिल्या प्रयत्नात तर हललाच नाही, कारण तो चालूच होता, आणि चालू असलेली फाइल विंडोज पुसू देत नाही. म्हणून आधी घड्याळाशेजारच्या आयकॉनवरून त्याला बंद केलं. मग सर्व्हिसेसच्या यादीत जाऊन त्याची अपडेट करणारी सर्व्हिस थांबवली. मग आधी गेम काढला आणि नंतर लाँचर. हा क्रम लक्षात ठेवा, कारण उलट केलं तर काही वेळा गेमचे दहा-वीस जीबी बेवारस पडून राहतात. (स्टीमचं बरोब्बर उलटं आहे. ते काढलं की त्याच्या फोल्डरमधले गेम्सही सोबत जातात. ठेवायचे असतील तर 'स्टीमॲप्स' फोल्डर आधी बाजूला काढावा लागतो.) काही गेम्सबरोबर चोरी पकडणारा आणखी एक प्रोग्रॅम येतो. उदाहरणार्थ 'व्हॅलोरंट'चा व्हॅनगार्ड. तो यादीत वेगळा असतो आणि वेगळाच काढावा लागतो.

रीस्टार्ट केलं आणि उरलेल्या खुणा शोधायला बसलो. स्टार्टअपमध्ये एक नोंद. टास्क शेड्युलरमध्ये एक, रोज सकाळी नऊला उठणारी. (सराव परीक्षा किती वाजता? नऊ वाजता!) प्रोग्रॅम डेटामध्ये एक फोल्डर, ॲपडेटामध्ये दोन, रेजिस्ट्रीत त्याच्या नावाच्या चार-पाच किल्ल्या. रेजिस्ट्रीची आधी प्रत काढून घेतली, हे आवर्जून सांगतो. मी काही अगदीच अडाणी नाही.

बहीण शेजारी बसून बघत होती. तिला मी सोनीची गोष्ट सांगितली. २००५ मध्ये सोनी बीएमजीच्या काही गाण्यांच्या सीडी पीसीत घातल्या की एक प्रोग्रॅम चोरपावलांनी आत शिरून लपून बसायचा. मार्क रुसिनोविच नावाच्या इंजिनियरने ३१ ऑक्टोबर २००५ ला ते आपल्या ब्लॉगवर उघड केलं. हाताने उपटून काढला, तर सीडी ड्राइव्हच दिसेनासा व्हायचा. आणि बोंबाबोंब झाल्यावर कंपनीने जे काढायचं साधन दिलं, त्यानेच पीसीला नवीन भोक पडत होतं. शेवटी सीडी बाजारातून परत घ्याव्या लागल्या. "म्हणून काढायचं काम नीट करावं लागतं," मी म्हणालो. आवाजात जरा जास्तच वजन होतं, हे आता आठवलं की लाज वाटते.

कारण शेवटचं एक फोल्डर उरलं होतं. 'डॉक्युमेंट्स'मध्ये, त्या गेमच्या नावाचं, तीनशे-साडेतीनशे एमबीचं. उघडून बघितलं तर आत अगम्य नावांच्या फाइल्स. म्हटलं, हा शेवटचा केर. रिसायकल बिनमध्येही राहायला नको, म्हणून शिफ्ट दाबून डिलीट. 'नक्की का?' हो, नक्की.

पीसी भुर्रकन चालू झाला. दुसऱ्या दिवशी डेटा रात्रीपर्यंत पुरला, बहिणीचा पेपर पूर्ण झाला, मामाने शेजाऱ्याला बोलावून दाखवलं. मी दोन चकल्या जास्त खाल्ल्या.

धाकटा संध्याकाळी पीसीवर बसला. पाच मिनिटांनी माझ्याकडे आला.

"दादा, गेम काढलास ते ठीक आहे. पण माझं घर कुठे गेलं?"

"कुठलं घर?"

त्या गेममध्ये ठोकळे रचून बांधकाम करता येतं. त्याने दीड वर्ष थोडं थोडं करून आजोबांचं घर बांधलं होतं. जुनं, धाब्याचं. माळवद, मातीच्या भिंती, पुढे ओटा, मागे गोठा. ते घर २०२३ मध्ये पाडलं आणि तिथे आता स्लॅबचं आहे. ते उभं असताना फोटो काढावेत असं कोणाला सुचलं नव्हतं. जे आहेत त्यात घर नाही, घरापुढे उभी राहिलेली माणसं आहेत. धाकट्याने मामाला, मामीला, शेजारच्या म्हाताऱ्यांना विचारून विचारून ते बांधलं होतं. मी सगळे उन्हाळे ज्या ओट्यावर झोपलो तो ओटा त्यात होता. आणि मी तो बघितलाही नाही. साडेतीनशे एमबी केर म्हणून पुसून टाकला.

रात्री अकरापर्यंत सगळे उपाय केले. क्लाउडवर प्रत असते म्हणून बघितलं, तर या गेमसाठी ती सोय चालू केलेलीच नव्हती. फाइल हिस्टरी बंद (ती मुळात बंदच असते). सिस्टीम रीस्टोअर डॉक्युमेंट्सना हात लावत नाही. मग पेनड्राइव्हवरून पुसलेल्या फाइल्स शोधणारं सॉफ्टवेअर चालवलं. नावं सापडली. आत शून्यं. जुनी फिरती हार्ड डिस्क असती तर फाइल पुसल्यावरही मजकूर तिथेच पडून असतो, वर दुसरं काही लिहिलं जाईपर्यंत. एसएसडीत मात्र फाइल पुसली की विंडोज लगेच 'ट्रिम' नावाचा हुकूम देतं आणि डिस्क ती जागा खरोखर रिकामी करून टाकते. आणि ही एसएसडी बसवली कोणी, ते वर सांगितलंच आहे.

"जाऊ दे दादा," धाकटा म्हणाला. तो रडला असता तर बरं झालं असतं.

अनइन्स्टॉल केल्यावर काही ना काही मागे राहतं, याचा मला इतकी वर्षं राग होता. आळशी प्रोग्रॅमर, असंच म्हणायचो. पण ते 'डॉक्युमेंट्स'मधलं फोल्डर आळसाने राहिलं नव्हतं. मुद्दाम ठेवलं होतं. प्रोग्रॅम लिहिणाऱ्याने केलेला हिशेब साधा होता: बाकी सगळं आमचं, आम्ही घेऊन जातो, हे मात्र या घरातल्या माणसाचं आहे, त्याला विचारल्याशिवाय हलवायचं नाही. तो आगंतुक लाँचर ज्या गोष्टीला हात न लावता गेला, तिथे मी शिफ्ट दाबलं. मामाला विचारलं होतं, पण फोल्डर मामाचं नव्हतं.

म्हणून आता माझी पद्धत बदलली आहे. तुमच्याही कामी यावी. प्रोग्रॅम फाइल्स, प्रोग्रॅम डेटा, सर्व्हिसेस, शेड्युलर इथे राहिलेलं बहुतेक यंत्राचं असतं, ते खुशाल काढा. 'डॉक्युमेंट्स', 'सेव्ह्ड गेम्स' आणि ॲपडेटा इथलं मात्र माणसाचं असू शकतं. ते नाव बदलून महिनाभर पडू द्या, नाहीतर पेनड्राइव्हवर घ्या. आणि ज्याचं आहे त्याला विचारा. तो चौदा वर्षांचा असला, आणि नंदुरबारला कपडे घ्यायला गेला असला, तरी. संध्याकाळी परत येणारच होता ना.

असो. भाऊबीजेनंतर पुण्याला आलो आणि पहिल्याच वीकांताला हापिसच्या नेटवर नाही, स्वतःच्या नेटवर तो लाँचर आणि तो गेम उतरवला. हो, तोच. पेनड्राइव्ह कुरियरने शहाद्याला पाठवला. फोनवर धाकट्याकडून सगळं करून घेतलं: पीसीबरोबर सुरू होणं बंद, आपोआप अपडेट बंद, शेड्युलरमधली नऊची नोंद बंद, आणि दर रविवारी त्या फोल्डरची प्रत पेनड्राइव्हवर. बहिणीने नऊ ते अकरा पीसीवर हक्क सांगितला, तो मान्य झाला.

पंधरा दिवस त्याने काहीच बांधलं नाही. मीही विचारलं नाही. मग एका शनिवारी रात्री साडेदहाला फोन.

"दादा, ओट्याच्या पायऱ्या तीन होत्या की चार? बाबा म्हणतात तीन."

मी डोळे मिटून दोनदा चढून बघितलं. खात्री होईना. आईला उठवलं. ती झोपेतच म्हणाली, "चार. खालची एक मातीत गेली होती, तुमच्या वेळी दिसायची नाही."

तर चार. त्याला तसं कळवलं आहे.