कमी साखरेचे क्रम्बल

बँकेत मी चौतीस वर्षे दुसऱ्यांच्या नोंदी तपासल्या. निवृत्तीनंतर स्वतःच्याच वहीत खोटी नोंद करीन, असे कधी वाटले नव्हते.

मधुमेहाचे निदान झाल्यावर सौ.ने एक वही आणून दिली. रोज सकाळी उपाशीपोटीची साखर यंत्रावर पाहून तीत लिहायची. यंत्र 170 दाखवी, मी 118 लिहीत असे. बाजारातून येताना कधी पेढा, कधी बासुंदी, असा क्रम चालू होता. पुढे तीन महिन्यांची सरासरी सांगणारी तपासणी झाली आणि आकडा आला 8.4. डॉक्टरांनी वही आणि अहवाल शेजारी ठेवले. बोलले मात्र काही नाहीत.

घरी येऊन कबुली दिली. सौ. शांतपणे म्हणाली, "अहो, यंत्रात मागचे आकडे राहतात. मी केव्हाच पाहिले होते." माझ्या निदानापासून तिने स्वतः गोड सोडले होते. तिला मधुमेह नाही. मी ते रसपरित्यागाचे व्रत समजून नातेवाइकांत तिच्या तपाचे कौतुक सांगत फिरत होतो. दरवर्षी क्षमावणीला साऱ्या गावाची क्षमा मागायची, आणि घरातली राहून गेलेली!

म्हणून चातुर्मासापूर्वी दोघांना चालेल असे काही गोड स्वतःच्या हाताने करायचे ठरवले. इंग्लंडमध्ये असलेल्या सूनबाईंनी क्रम्बल सुचवले. खाली आठळीची फळे, वर रवाळ चुरा, आणि ओव्हनमध्ये भाजणे. अंडे लागतच नाही. दुसऱ्या महायुद्धात, जानेवारी 1940 पासून, ब्रिटनमध्ये लोणी व साखर शिधापत्रिकेवर मिळू लागली; साखरेचे बंधन 1953 मध्ये उठले. त्या टंचाईत हा पदार्थ घरोघरी रुजला. टंचाईतला पदार्थ मला योग्यच होता.

मात्र सूनबाईंनी पाठवलेल्या कृतीत साखरेऐवजी मध होता, आले होते आणि लोणी. मधुत्याग तर आपल्या मूलगुणांतलाच. मध गाळला, आल्याच्या जागी सुंठ घेतली आणि लोण्याच्या जागी थिजवलेले साजूक तूप. लोण्यात पाण्याचा अंश असतो, तुपात नसतो. म्हणून 75 ग्रॅमऐवजी 60 ग्रॅम.

पहिल्या प्रयत्नात उत्साहाच्या भरात साखर पूर्ण वगळली. फळ आंबट, वरचा थर कोरडे पीठ. साखर केवळ गोडीसाठी नसते, चुऱ्याचा कुरकुरीतपणाही तिच्यामुळेच येतो, हे तेव्हा कळले. सौ.ने एक घास खाल्ला आणि पाणी मागितले.

दुसऱ्या वेळी हिमाचलचे पिकलेले पीच आणि थोडे आलुबुखार, मिळून 600 ग्रॅम घेतले. प्रत्येक फळ चिरून, आठळीच्या पोकळीपर्यंत शोधून पाहिले. त्यावर सुंठ आणि दालचिनी भुरभुरली. जाडसर दळलेली ताजी कणीक 120 ग्रॅम, भरडलेले बदाम 40 ग्रॅम, साखर 35 ग्रॅम. शंकरपाळ्यांना मोहन चोळतो तसे थंड तूप चोळले. पण गोळा होऊ दिला नाही. बदाम हा पीच आणि आलुबुखाराचा एकाच कुळातला भाऊ, म्हणूनही असेल, फळाशी तो फार जुळतो. 180 अंशांवर चाळीस मिनिटांनी कडेने लाल रस बुडबुडू लागला आणि स्वयंपाकघरात तुपाचा वास भरला.

सहा वाट्यांत विभागले तर वाटीमागे वरची साखर सहा ग्रॅम, म्हणजे दीड चमचा. फळातली साखर आणि कणीक निराळी. तीही आता मी हिशेबात धरतो. चार वाट्या शेजारी दिल्या, कारण शिळे ठेवायचे नव्हते. आम्ही दोघे सूर्यास्तापूर्वी गच्चीत बसलो. सौ.ने सव्वा वर्षानंतर गोड खाल्ले. वाटी संपेपर्यंत ती बोलली नाही.

सकाळी यंत्राने 142 दाखवले. मी वहीत 142 लिहिले. सौ.ने चष्मा लावून पाहिले, यंत्राचे बटण दाबून पुन्हा पाहिले आणि म्हणाली, "पुढच्या वेळी आलुबुखार कमी घ्या, पीच जास्त."