वडल्या घरापासून नार्व्यापर्यंत

डिचोली तालुक्याचा दक्षिण काठ मांडवीच्या पाण्याला जेथे भिडतो, तेथे नार्वे हे गाव आहे. या गावच्या धक्क्यासमोर दिवाडी बेट आडवे पसरलेले दिसते, आणि त्या बेटाच्या पलीकडच्या अंगाला, फेरीबोटीच्या दुसऱ्या एका खेपेच्या अंतरावर, जुने गोवे येते. सकाळी जुन्या गोव्यात सुरू होऊन दिवाडीमार्गे नार्व्यात आणि पुढे डिचोलीत संपणारी वारसाफेरी, म्हणजे जाणत्या मार्गदर्शकाच्या सोबतीने ऐतिहासिक स्थळे पायाखालून घालण्याची दिवसभराची सहल, एरवी चर्चे आणि देवळे यांची सहल समजली जाते. परंतु हाच रस्ता निर्वासितांचाही आहे. आश्रयाच्या शोधात जगाच्या दुसऱ्या टोकाहून गोव्यात आलेली माणसे आणि आश्रयासाठी गोव्यातून बाहेर पडलेले देव, या दोघांच्याही खुणा या एवढ्याशा टापूत आहेत, आणि दोघांवरही ज्या सत्तेचा घाला पडला ती सत्ता एकच होती.

फेरीचा पहिला थांबा सेंट कॅथरीनला वाहिलेल्या से कॅथेड्रलजवळचा असायला हवा, कारण त्या परिसरातच पूर्वी आदिलशाही वाडा होता आणि 1560 पासून तेथे इन्क्विझिशनचे, म्हणजे पाखंड शोधून काढून शिक्षा देणाऱ्या चर्चच्या न्यायसभेचे, ठाणे होते. कोंकणी बोलणाऱ्यांनी त्या इमारतीला ‘वडले घर’ असे नाव दिले होते. मोठे घर एवढाच त्याचा अर्थ. पण ज्या घराचे खरे नाव तोंडावर आणणेही धोक्याचे असते, त्याला लोक अशीच साधी नावे देतात. एकोणिसाव्या शतकात ते पाडले गेले आणि आज तेथे पाहण्यासारखे काही उरलेले नाही. म्हणूनच येथे मार्गदर्शकाची गरज सर्वांत अधिक भासते, कारण उभ्या वास्तूंचे वर्णन कोणीही करील, नाहीशा झालेल्या घराबद्दल मात्र सांगणारा लागतो.

या घराची मूळ हकीकत गोव्यात घडलेली नाही. 1492 मध्ये स्पेनच्या राजाराणीने ज्यूंना देशाबाहेर काढले, तेव्हा त्यांतील हजारो कुटुंबे सीमा ओलांडून शेजारच्या पोर्तुगालमध्ये गेली. पाचच वर्षांत, 1497 मध्ये, तेथल्या राजाने त्यांचे सक्तीने धर्मांतर घडवले. अशा रीतीने बाप्तिस्मा दिलेल्या ज्यूंना आणि त्यांच्या वंशजांना ‘नवे ख्रिस्ती’ म्हणत, आणि हे ‘नवे’पण पिढ्यान्‌पिढ्या पुसले जात नसे. 1506 मध्ये लिस्बनमध्ये त्यांची कत्तल झाली, 1536 मध्ये पोर्तुगालात इन्क्विझिशनची स्थापना झाली, आणि मग ज्यांना शक्य होते त्यांनी भारताकडे जाणारी गलबते गाठली. गोवा दूर होता, तेथे व्यापार होता, वैद्यांना मान होता. एवढ्या लांबवर लिस्बनचा हात पोचणार नाही, अशी त्यांची समजूत असावी.

गार्सिया द ऑर्ता हा त्यांतलाच एक. स्पेनमधून हाकललेल्या ज्यू आईबापांच्या पोटी पोर्तुगालमधील कास्तेलु द व्हीद येथे सोळाव्या शतकाच्या आरंभी जन्मलेला हा वैद्य सालामांका व आल्काला या विद्यापीठांत शिकला, लिस्बनला त्याने अध्यापन केले आणि 1534 मध्ये मार्तीं आफोंसु द सौझा याच्या ताफ्याबरोबर तो गोव्यात उतरला. मराठी वाचकाला त्याची ओळख आणखी दोन वाटांनी व्हायला हवी होती, ती फारशी झालेली नाही: अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाचा तो वैद्य होता, आणि 1554 च्या सुमारास मुंबईचे बेट त्याला भाडेपट्ट्याने मिळाले होते. तेथल्या आपल्या वाडीत वर्षातून दोनदा फळणारा आंबा असल्याचे तो मोठ्या कौतुकाने नोंदवतो.

त्याचा ग्रंथ, ‘भारतातील वनौषधी व औषधी द्रव्यांवरील संवाद’, 10 एप्रिल 1563 रोजी गोव्यात छापून पुरा झाला. भारतातील मुद्रणाच्या अगदी आरंभकाळातले हे पुस्तक असून त्यात पोर्तुगीज महाकवी कामोंइश याची छापील स्वरूपातील पहिली कविताही आहे. सबंध ग्रंथ ऑर्ता आणि रुआनु नावाचा एक कल्पित पाहुणा यांच्या बोलण्यातून उलगडतो. मधूनमधून आंतोनिया ही दासी एखादे फळ किंवा मुळी आणून दाखवते, आणि मालुपा नावाचा हिंदू वैद्यही त्यात येतो. हळद, हिंग, चिंच, भांग, धोतरा, फणस, पटकीची लक्षणे यांबरोबर तेथे आपले कोकमही आहे. आतून रक्तासारखे लाल, चवीला फार आंबट, रंगाऱ्यांच्या उपयोगाचे आणि वाळवलेल्या सालीपासून शिर्का करता येण्याजोगे असे त्याचे वर्णन वाचताना, एका परक्या माणसाने गोव्याच्या घरोघरच्या सोलांकडे किती बारकाईने पाहिले होते हे जाणवते. प्राचीन ग्रीकांनी अमुक लिहिले म्हणून ते खरे, हे त्याला मान्य नव्हते. जे आपल्या डोळ्यांनी पाहिले आणि येथल्या वैद्यांकडून ऐकले, त्याचे पारडे त्याने जड धरले. पुस्तकाला चार वर्षे होताच, 1567 मध्ये, कार्लुस क्लुझियसने त्याचा लॅटिन संक्षेप अँटवर्पमध्ये काढला आणि पूर्वेकडच्या वनस्पतींविषयी युरोपला बरेच काही त्यातून कळले.

ग्रंथ झाला तेव्हा इन्क्विझिशन त्याच्याच शहरात येऊन तीन वर्षे झाली होती. त्याआधीही, 1543 मध्ये, जेरोनिमु दियश या नव्या ख्रिस्ती वैद्याला ज्यू धर्म पाळल्याच्या आरोपावरून गोव्यात देहान्त शासन देऊन जाळण्यात आले होते. लिस्बनच्या इन्क्विझिशनने पकडलेली ऑर्ताची आई आणि बहिणी सुटकेनंतर 1549 मध्ये गोव्यास आल्या होत्या. ऑर्ता 1568 मध्ये निधन पावला. त्याच्या हयातीत त्याच्यावर हात पडला नाही, याचे श्रेय बहुधा मोठमोठ्या रुग्णांच्या कृपाछत्राला द्यावे लागेल. मृत्यूनंतर मात्र ते छत्र नाहीसे झाले. बहीण कातारिना हिला पकडून 25 ऑक्टोबर 1569 रोजी जिवंत जाळण्यात आले, आणि 4 डिसेंबर 1580 रोजी खुद्द ऑर्ताची हाडे थडग्यातून उकरून काढून ‘ऑतु-द-फे’मध्ये, म्हणजे शिक्षांच्या जाहीर समारंभात, जाळण्यात आली. औषधांचे ज्ञान ज्याने आयुष्यभर गोळा केले, त्याला मेल्यावरही अंगभर माती मिळू दिली गेली नाही. या इतिहासातील इतकी नीच गोष्ट दुसरी शोधावी लागेल.

न्यायसभेने पुराव्यासाठी कुठे पाहिले, हे ध्यानात घेण्यासारखे आहे. शनिवारी धुतलेले कपडे घालणे, शुक्रवारी संध्याकाळी दिवा लावणे, डुकराचे मांस टाळणे, या नव्या ख्रिस्त्यांच्या घरातल्या गोष्टी संशयास पुरेशा होत्या. पुढे बाटलेल्या गोवेकरांवर नजर वळली आणि 1736 च्या फर्मानात अंगणातली तुळस, मिठाशिवाय शिजवलेला भात, अशा गोष्टी निषिद्ध ठरल्या. माणूस श्रद्धेबद्दल खोटे बोलू शकतो, पण आईने लावलेली सवय हातातून सहज जात नाही. इन्क्विझिशन हे ओळखून होते, म्हणून त्याची पावले देवघरापेक्षा आधी स्वयंपाकघराकडे वळली. मधला काही काळ वगळता ही सभा 1812 पर्यंत चालली, आणि तिच्यासमोर आलेल्या खटल्यांची नोंद सोळा हजारांहून अधिक भरते.

जुन्या गोव्याच्या धक्क्यावरून फेरीबोट दिवाडीला लागते. बेटावर खाजने आहेत, म्हणजे खाऱ्या पाण्याला बांध घालून मिळवलेली भातशेती. कडेने खारफुटी आहे, आणि मधल्या टेकडीवर पिएदादचे चर्च. चर्चशेजारच्या दफनभूमीत एक लहान चॅपेल आहे, ज्याचे कोरीव छत कदंबकालीन देवळाचे असल्याचे अभ्यासक मानतात. याच बेटावर सप्तकोटेश्वराचे मूळ स्थान होते. गोव्याच्या कदंब राजांचे हे कुलदैवत. आपल्या बिरुदात आणि नाण्यांवर त्यांनी या देवाचे नाव घातले होते. चौदाव्या शतकात बहमनी स्वारीत देऊळ पडले, विजयनगरचा मंत्री माधव याने ते पुन्हा उभारले, आणि सोळाव्या शतकाच्या मध्यात तिसवाडीतली देवळे पोर्तुगिजांनी पाडली तेव्हा त्यात हेही गेले. परंपरेनुसार लिंग विहिरीच्या कामासाठी वापरले जात होते आणि नारायण शेणवी सूर्यराव यांनी ते रात्रीतून नदीपार डिचोलीच्या बाजूला, नार्व्यास आणले. दिवाडीचा महागणपतीही असाच खांडेपार व नार्वे येथे मुक्काम करीत अखेर खांडोळ्यास स्थिरावला.

बेटाच्या दुसऱ्या बाजूची फेरीबोट नार्व्याला उतरवते. तो पल्ला इतका लहान आहे, की बोटीत चढलेला माणूस बसण्याआधीच काठ जवळ येतो. पण सोळाव्या शतकात डिचोलीचा मुलूख, जुन्या नावाने भतग्राम, आदिलशाहीत होता, आणि वडल्या घराचा हुकूम येथे चालत नव्हता. हजारो मैल दूर आलेल्या ऑर्ताच्या घराण्याला जे मिळाले नाही, ते देवाला नदीचा एक फाटा ओलांडून मिळाले. आश्रय अंतरावर अवलंबून नसून दुसऱ्या काठावर कोणाची सत्ता आहे आणि ती दार उघडते की नाही, यावर अवलंबून असतो, ही गोष्ट नार्व्याइतक्या स्पष्टपणे क्वचितच कुठे दिसते. शेकडो वर्षे रायगडच्या किनाऱ्यावर तेलाचे घाणे चालवून, शनिवारी ते बंद ठेवणाऱ्या आणि म्हणून ‘शनवार तेली’ म्हटल्या गेलेल्या बेने इस्रायलांना याच कोकणपट्टीत कोणी त्रास दिला नाही, हेही येथे आठवायला हवे.

नार्व्याचे सप्तकोटेश्वर मंदिर ओळखीच्या भव्यतेचे नाही. जांभ्या दगडाच्या जाड भिंती, कौलारू उतरते छप्पर, गर्भगृहावर बुटका घुमट, समोर दीपस्तंभ, मागे तळी, आणि डोंगराची माती व माडापोफळींची दाट सावली. गाभाऱ्यातले लिंग धारालिंग आहे, म्हणजे त्याच्या अंगावर उभ्या कडा घडवलेल्या आहेत. दारावरचा शिलालेख शके 1590, कार्तिक वद्य पंचमी, सोमवार असा दिवस देतो आणि शिवरायांच्या आज्ञेने देवालयाचा आरंभ झाल्याचे सांगतो. इंग्रजी तारीख 13 नोव्हेंबर 1668. त्या आज्ञेने एका पळून आलेल्या देवाचा तात्पुरता आसरा कायमचा झाला. गोवा सरकारने या देवळाचा जीर्णोद्धार करून फेब्रुवारी 2023 मध्ये ते पुन्हा खुले केले.

डिचोली गावात पोचल्यावर फेरीला आणखी एका परागंदा माणसाची खूण भेटते. बापाविरुद्ध बंड करून 1681 मध्ये छत्रपती संभाजी महाराजांच्या आश्रयास आलेला औरंगजेबाचा मुलगा शहाजादा अकबर काही काळ या परिसरात होता, आणि डिचोलीची नमाजगा, म्हणजे उघड्यावरच्या सामुदायिक नमाजाची जागा, त्याच्याच काळाशी जोडली जाते. 1687 मध्ये तो समुद्रमार्गे इराणकडे निघून गेला. पोर्तुगिजांनी डिचोली घेतली ती पुष्कळ नंतर, 1781 मध्ये. त्या वेळी नव्या काबिजादींत, म्हणजे अठराव्या शतकात जिंकलेल्या मुलखात, देवळे पाडण्याचे धोरण उरले नव्हते.

पणजीतल्या चर्चसमोरच्या बागेला एके काळी गार्सिया द ऑर्ताचे नाव होते, एवढीच त्याची सार्वजनिक आठवण गोव्यात झाली. गोव्याच्या वारसाफेऱ्या आखणाऱ्यांनी आणि शाळांच्या सहली नेणाऱ्या शिक्षकांनी दिवाडीची फेरीबोट मध्ये घेऊन जुने गोवे आणि नार्वे एकाच दिवशी दाखवावे, आणि कॅथेड्रलच्या आवारातून पुढे निघण्यापूर्वी कातारिना आणि तिचा भाऊ यांची नावे मुलांसमोर मोठ्याने घ्यावीत.