'रेडी' आणि 'अनॲक्ड'

क्लाउडवर भाड्याने घेतलेला रॅबिटएमक्यू हा मेसेज ब्रोकर अडला की तक्रार ठरलेली असते: मेसेज पोचत नाहीत. सर्व्हर दुसऱ्याच्या ताब्यात, आत शिरून खटपट करायची सोय नाही. हाताशी उरतो मॅनेजमेंटचा पडदा. त्यावर आधी दोन आकडे पाहावेत, 'रेडी' आणि 'अनॲक्ड'. आलेख कितीही देखणे असले तरी नंतर.

रेडी चढतो आहे आणि अनॲक्ड शून्य, तर बहुधा मेसेज उचलणारा कन्झ्युमर जोडलेलाच नाही. हे सोपे. रेडी शून्य आणि अनॲक्ड चार हजार, ही खरी फसगत. मेसेज वाट पाहत नाहीत, पण संपलेलेही नाहीत; कन्झ्युमरने उचलले आणि पोचपावती दिलेली नाही. प्रीफेचला, म्हणजे पावतीविना एका कन्झ्युमरकडे किती मेसेज जाऊ शकतात त्याला, मर्यादा नसेल तर ब्रोकर अख्खा ढीग एकाच्याच पदरात ओततो. मग घाईघाईने आणखी चार कन्झ्युमर उभे केले जातात आणि ते हात बांधून बसून राहतात, कारण वाटण्यासारखे काही उरलेलेच नसते. प्रीफेच वीस-तीसवर आणून जुना कन्झ्युमर बंद करून पुन्हा सुरू केला की अडकलेले मेसेज रांगेत परततात, 'रीडिलिव्हर्ड' असा शिक्का घेऊन. त्यातल्या काहींचे काम आधीच झालेले असू शकते. एकच बिल ग्राहकाला दोनदा जाते ते असे. मूळ सेटिंगप्रमाणे 30 मिनिटांत पावती आली नाही तर ब्रोकरही चॅनल बंद करून हेच घडवतो.

पाठवणाऱ्याच्या बाजूचा घोळ मुका असतो. मेमरीची किंवा डिस्कची मर्यादा ओलांडली की ब्रोकर एरर देत नाही, नुसते घेणे थांबवतो; तेही क्लस्टरमधल्या एका नोडवर अलार्म लागला तरी सगळीकडे. ॲपच्या लॉगमध्ये बहुधा चकार शब्द नसतो.

जोडणीच होत नसेल तर पोर्ट पाहावा: ॲमेझॉन एमक्यूला 5671 लागतो, टीएलएससह, सवयीने लिहिलेला 5672 चालत नाही. शांत वेळी जोडणी तुटत असेल, तर बहुधा कोणीतरी हार्टबीट, म्हणजे जोडणी जिवंत असल्याची ठरावीक खूण, शून्यावर नेलेला असतो आणि मधला लोड बॅलन्सर निपचित जोडणी कापून टाकतो.

उरला विषारी मेसेज: वाचताच कन्झ्युमर कोसळतो, मेसेज परत रांगेत, पुन्हा तेच. सीपीयू तापतो, काम शून्य. त्याला डेड-लेटर रांगेत काढून ठेवावे आणि उघडून पाहावे. बऱ्याचदा तारखेच्या जागी रिकामी जागा निघते.