सान सेबास्तियानचा काळपट केक

स्पेनच्या उत्तर किनाऱ्यावर, फ्रान्सच्या सरहद्दीपासून सुमारे २० किलोमीटरांवर सान सेबास्तियान वसलेले आहे. बास्क लोक त्याला दोनोस्तिया म्हणतात. समुद्र येथे शिंपल्याच्या आकारात जमिनीत शिरला आहे, म्हणून या उपसागराचे नावच ‘कोंचा’, म्हणजे शिंपला. त्याच्या एका टोकाला उर्गुल टेकडी, दुसऱ्या टोकाला इगेल्दो आणि मधोमध चिमुकले सान्ता क्लारा बेट. उर्गुलच्या पायथ्याशी जुने शहर आहे. आपण कधी तिकडे गेलात, तर या जुन्या शहरातील ‘३१ ऑगस्ट’ नावाच्या गल्लीत अवश्य पाऊल टाका.

गल्लीचे हे नाव एका विध्वंसाची आठवण आहे. ३१ ऑगस्ट १८१३ रोजी इंग्रज आणि पोर्तुगीज फौजांनी हे शहर फ्रेंचांकडून जिंकले, लुटले, आणि त्या वेळी लागलेल्या आगीत जवळजवळ सारे शहर जळाले. जी काही घरे वाचली, ती मुख्यतः याच गल्लीतली. आज तिथे संध्याकाळी माणसांची दाटी असते. प्रत्येक दुकानाच्या फळीवर ‘पिंचो’ मांडलेले असतात. पावाच्या तुकड्यावर मासा, मिरची, ऑलिव्ह असे काहीबाही रचलेला हा एक-दोन घासांचा पदार्थ. लोक उभ्यानेच एक पिंचो खातात, चार शब्द बोलतात आणि पुढच्या दुकानाकडे चालू लागतात. ताटभर जेवण्यापेक्षा अनेक ठिकाणी थोडे थोडे चाखण्याची ही रीत डॉक्टरच्या नजरेला सुखावणारी आहे.

याच गल्लीत ‘ला विन्या’ हे १९५९ साली रिवेरा कुटुंबाने सुरू केलेले उपाहारगृह आहे. तिथल्या मांडण्यांवर कागदासकट साच्यांत ठेवलेले, वरून काळपट तपकिरी झालेले केक निवत असतात. सुमारे १९९०च्या सुमारास सान्तियागो रिवेरा यांनी हा चीजकेक आकाराला आणला आणि पुढे तो जगभर पोहोचला. न्यूयॉर्कच्या चीजकेकसारखा बिस्किटांचा तळ याला नाही, पाण्यात ठेवून हळुवार भाजणेही नाही. कडक आचेवर वरचा थर खमंग काळवंडतो आणि आतला गर ताज्या खरवसासारखा थरथरता राहतो. ताटलीत येतात ते दोन पातळ काप, आणि बहुधा ते दोघांत वाटून खाल्ले जातात.

या दोन पातळ कापांचे मर्म साहित्य मोजले की कळते. या केकची सर्वत्र प्रचलित असलेली कृती अशी: १ किलो क्रीम चीज, ७ अंडी, ४०० ग्रॅम साखर, अर्धा लिटर क्रीम आणि चमचाभर मैदा. त्याचे १२ भाग केले, तरी एका भागात सुमारे ३३ ग्रॅम साखर आणि ६००च्या आसपास कॅलरी येतात, म्हणजे जवळजवळ एका जेवणाइतक्या. जागतिक आरोग्य संघटनेच्या शिफारशीनुसार वरून घातलेली साखर दिवसाच्या एकूण कॅलरींच्या १० टक्क्यांहून कमी असावी, म्हणजे २००० कॅलरी घेणाऱ्या माणसाला ५० ग्रॅम. २५ ग्रॅमांच्या आत राहिली तर अधिक चांगले.

म्हणून घरी करताना अर्धेच प्रमाण घ्यावे. क्रीम चीज ५०० ग्रॅम, बाजारात मिळणारे २५ टक्के स्निग्धांशाचे फ्रेश क्रीम २५० मिलिलिटर, ४ अंडी, अर्धा चमचा मैदा आणि साखर २०० ऐवजी १५० ग्रॅम. सर्व साहित्य फ्रिजमधून आधी काढून ठेवावे, म्हणजे गुठळ्या होत नाहीत. चीज आणि साखर एकजीव करून अंडी एकेक मिसळावीत, मग क्रीम आणि मैदा. फार फेटू नये. हवा शिरली की केक फुगतो आणि फाटतो. १८ सेंटिमीटरच्या साच्याला बटर पेपर काठावरून वर येईल असा लावावा आणि २२० अंशांवर तापलेल्या ओव्हनमध्ये ३५ ते ४० मिनिटे भाजावे. साचा हलवल्यावर कडा स्थिर आणि मध्य हलता दिसला की बाहेर काढावे. उरलेले काम आतली उष्णताच करते. रंग पिकल्या चिंचेसारखा असावा, कोळशासारखा नव्हे. याचे १२ काप केले, तर एका कापात साडेबारा ग्रॅम साखर आणि २५० ते ३०० कॅलरी होतात.

मात्र घरात गर्भवती, लहान मूल, वृद्ध किंवा प्रतिकारशक्ती कमी असलेली व्यक्ती असेल, तर मध्यभाग पूर्ण घट्ट होईपर्यंत भाजावा आणि चीज पाश्चराइज्ड दुधाचे असल्याची खात्री करावी. आपल्याकडच्या उकाड्यात निवलेला केक दोन तासांहून अधिक बाहेर ठेवू नये. फ्रिजमध्ये ठेवून तीन दिवसांत संपवावा. अंडी न खाणाऱ्यांनी चक्का आणि कंडेन्स्ड मिल्क वाफवून होणारे बंगालचे भापा दोई करावे. तो निराळा पदार्थ आहे, पण तोही मऊसूत.

आता घरातल्या मधुमेहींविषयी. वाढदिवसाला सर्वांपुढे केक आणि त्यांच्यापुढे रिकामी बशी, हे दृश्य आपल्याकडे नवे नाही. अशा वेळी नंतर स्वयंपाकघरात चोरून खाल्लेला तुकडा कोणी मोजत नाही आणि डॉक्टरांनाही सांगत नाही. त्यापेक्षा मधुमेह आटोक्यात असेल, तर जेवणातली एखादी पोळी किंवा भात कमी करून एक पातळ काप त्यांना सर्वांसोबत द्यावा. एक गोष्ट ध्यानात असू द्या: भरपूर स्निग्धांशामुळे पोट सावकाश रिकामे होते, त्यामुळे रक्तातली साखर उशिरा चढू शकते. दोन तासांनंतरचा आकडा चांगला आला म्हणून दुसरा काप घेऊ नये. इन्सुलिन घेणाऱ्यांनी तीन-चार तासांनीही एकदा तपासावे. गोड खाल्ले म्हणून स्वतःच्या मनाने जास्तीची गोळी घेणे, किंवा केकसाठी जेवणच टाळणे, दोन्ही धोक्याचे आहे.

तेव्हा केक करा, बारा काप करा आणि शेजाऱ्यांनाही बोलवा. जेवण झाल्यावर सगळ्यांनी मिळून एक फेरफटका मारा. सान सेबास्तियानला समुद्रकाठ आहे, आपल्याकडे निदान कॉलनीचा रस्ता आहे. आणि पुढच्या तपासणीला याल, तेव्हा खाल्लेल्या कापाचा हिशेब डॉक्टरांना मोकळेपणाने सांगा.