शीड फुगण्याआधी

दुपारी वायव्येचा वारा धरला, की मुंबईच्या गेटवेहून शिडाच्या होडीने मांडव्याकडे जाताना असिमेट्रिकल स्पिनेकर, म्हणजे मागून येणाऱ्या वाऱ्यावर फुगणारं पुढचं शीड, चढवायचा मोह आवरत नाही. पण मला खरी गोडी आहे ती शीड फुगण्याआधीच्या तयारीची.

नायलॉनचं ते तलम कापड पिशवीत भरण्याआधी दोन्ही कडांवरून हात फिरवत जायचं. पीळ राहिला तर वर गेल्यावर शीड मध्येच आवळलं जातं. मग तीन कोपरे. वरच्याला शीड वर ओढणारा दोर, हॅलयार्ड; पुढच्याला बोस्प्रिटच्या, म्हणजे नाळेपुढे आलेल्या दांड्याच्या, टोकाकडून येणारी टॅक लाइन; मागच्याला शीट, म्हणजे शीड आवरायचे दोन दोर. हे दोन्ही दोर डोलकाठीच्या तारांच्या आणि कठड्याच्या बाहेरून मागे न्यायचे. त्यातला रिकामा दोर पुढच्या तारेपुढून वळवायचा. मी प्रत्येक दोर बोटांनी चाचपत शेवटपर्यंत जाते. नजरेतून सुटलेला गुंता बोटांना सापडतो.

जुन्या पद्धतीच्या स्पिनेकरला आडवा दांडा लागतो. इथे पुढचा कोपरा बोस्प्रिटलाच बांधलेला, म्हणून थोड्या माणसांतही भागतं. मुख्य शिडाच्या आडोशाला हे शीड वर चढतं, शीट ओढताच भरतं. मग दोर हळूहळू सैल सोडायचा. पुढची कड किंचित दुमडली, की पुन्हा जरासा ओढायचा. ती कड सतत वाऱ्याचा अंदाज सांगत असते.

वारा कुणाच्या हातात नसतो. त्याची वाट मोकळी ठेवणं मात्र पूर्णपणे आपल्या हातात असतं, आणि मला तेवढी जबाबदारी मनापासून आवडते.