आधी घड्याळ

पाचगणीत सर्व्हर मांडायचा तर पावसाळ्यात वीज जाणार, हे धरूनच मांडावा लागतो. मी एका निवासी शाळेची यंत्रणा सांभाळतो. दोन होस्ट आणि त्यांच्या पोटात फी, हजेरी, ग्रंथालय, वसतिगृहाचं वायफाय अशा सगळ्यांच्या व्हीएम, म्हणजे आभासी सर्व्हर. जुलैत खिडकीच्या फटीतून धुकं आत येतं. त्यामुळे आमच्याकडे एसीपेक्षा डीह्युमिडिफायरचा मान मोठा.

यूपीएस संपत आला की सगळं नीट बंद करणं तसं सोपं. नीट उठवण्यात खरं कसब. आमचे दोन्ही होस्ट प्रॉक्समॉक्सच्या एका क्लस्टरमध्ये आहेत आणि त्याला बहुमत लागतं. दोनांतला एक होस्ट उठलाच नाही, तर दुसऱ्याकडे निम्मीच मतं उरतात आणि तो एकही व्हीएम सुरू करत नाही. म्हणून तिसरं मत कोपऱ्यातल्या रास्पबेरी पायला दिलंय. पुढे क्रम लावायचा. पहिली व्हीएम डीएनएसची. नावंच सापडली नाहीत तर होस्टनं बरोबर वेळ विचारायची कुणाला? घड्याळ जुळेपर्यंत मुद्दाम थांबा, मग डेटाबेस, मग फीचं सॉफ्टवेअर.

घड्याळाचा एवढा बाऊ का? मदरबोर्डवरचा नाण्याएवढा सेल संपला, की वीज गेल्यावर यंत्र भलत्याच जुन्या सालात जागं होतं. सर्व्हरची ओळख पटवणाऱ्या सर्टिफिकेटवर ‘पासून’ आणि ‘पर्यंत’ अशा दोन तारखा असतात. घड्याळ ‘पासून’च्याही मागे गेलं, की धडधाकट सर्टिफिकेट अवैध ठरतं. लोक नवं काढायला धावतात. मी आधी तारीख बघतो.

‘पर्यंत’ची तारीखही आता जवळ येतेय. २०२० पासून कमाल मुदत ३९८ दिवस होती. १५ मार्च २०२६ पासून २००, पुढच्या मार्चपासून १०० आणि २०२९ च्या मार्चपासून ४७. या धंद्यातले बरेच जण कुरकुरतात. मला हे पटतं. वर्षातून एकदाच करायचं काम हात विसरतो. पासवर्ड कुणाकडे, ओटीपी कुणाच्या मोबाइलवर, इथूनच शोधाशोध. ४७ दिवसांवर ते स्क्रिप्टलाच करावं लागतं. लेट्स एन्क्रिप्टची ९० दिवसांची सर्टिफिकेटं आम्ही तशीच काढतो. सर्व्हर बाहेर उघडा टाकायचा नाही, म्हणून डोमेन आपलंच असल्याची खूण डीएनएसच्या नोंदीत ठेवायची. लेट्स एन्क्रिप्टनं जून २०२५ मध्ये मुदत संपत आल्याची आठवण करून देणारे मेल बंद केले, तेव्हा राहिलेले दिवस मोजणारी एक छोटी स्क्रिप्टही लिहिली.

मुलं सुटीला घरी गेली की पावसाआधी आम्ही स्वतःच मेन स्विच पाडतो आणि कोण कधी उठतं ते बघत बसतो. यंदा प्रिंटरची व्हीएम सगळ्यांत शेवटी आली. सुटीत तिची घाई कुणाला होती!